शेवटच्या ग्रामसभेचं बोलावणं

जांभुळदरा, ता. खेड
१० डिसेंबर

ती. मुकुंदकाका,

पत्राच्या सुरुवातीला साष्टांग नमस्कार घालायला तुम्हीच शिकवलं होतं. पण कागदावर लोटांगण घातलं तर शाई फिसकटेल, म्हणून नुसता नमस्कार. मी सुप्रिया, कोंडीराम गव्हाण्यांची, आमच्या आबांची थोरली. तुमच्या संध्याकाळच्या वाचनवर्गात सगळ्यात मागे बसून पेंगणारी. सासर-माहेर एकाच गावात असल्याने गाव सुटलं नाही, आबाही आता आमच्याकडेच राहतात, आणि आता तर मी सरपंच आहे. पेंगणंही सुटलेलं नाही. तालुक्याच्या मीटिंगला निघाले की राजगुरुनगर यायच्या आधीच डोळे मिटायला लागतात.

इतक्या वर्षांनी लिहिते आहे म्हणजे काहीतरी काम असणार, हे तुम्ही ओळखलं असेलच. काम आहे. पण आधी एक चौकशी. ग्रामपंचायतीच्या पत्त्यावर मध्यंतरी एक जाड पार्सल आलं. आत तुमच्या सगळ्या लेखनाचे तीन खंड. पहिला गावाच्या स्वराज्यावर, दुसरा समाज कसा बदलतो त्यावर, तिसरा शांततेवर. पाठवणाऱ्याचं नाव नाही, पुनावळ्याच्या पोस्टाचा शिक्का तेवढा आहे. पुनावळ्यात राहून आमच्या गावाला पुस्तकं पाठवणारं तुमच्याशिवाय दुसरं कोण आहे, तुम्हाला माहीत असेल तर कळवा.

ग्रामसेवकाने ते कपाटात कुलूप लावून ठेवले होते, मी घरी आणले. दुपारची जेवणं झाली की ओसरीवर लवंडून वाचते. वाचता वाचता डोळा लागतो आणि पुस्तक झोपेतही चालूच राहतं. परवा मी माळरानावर होते, कंपन्या यायच्या आधीच्या. गवत पिवळं पडलेलं, तुम्ही सायकल हातात धरून चाललेले, शेजारी आबा, आणि दोघं हातवारे करून वाद घालताय. काय बोलत होता ते ऐकू येत नव्हतं, नुसते हात दिसत होते. मला इतकं बरं वाटलं, की जाग आल्यावर दुसऱ्या शिफ्टच्या बसचा हॉर्न ऐकून रडू आलं.

आता काम सांगते. गाव शहरात घ्यायचा आदेश निघाला आहे. २६ जानेवारीची ग्रामसभा शेवटची. त्यानंतर सरपंच नाही, सभा नाही, आपण सगळे कुठल्याशा प्रभागात. शेवटच्या सभेला चावडीतलं जुनं जाजम काढायचं ठरलं आहे. एरवी आम्हीही खुर्च्यांवर बसायला शिकलो आहोत, पण महत्त्वाची बैठक अजून जाजमावरच बसते.

आणि जाजम आलं की हाक आली. तुम्हाला काय सांगायचं, तुम्हीच ती रीत पुस्तकात घालून जगाला सांगितलीत. तरी शाळेत पाठ म्हणून दाखवायचे तशी म्हणून दाखवते, चुकलं तर कान धरा. बैठकीतून कुणी रुसून उठून गेलं, तर पुढची बैठक बसायच्या आधी त्याला हाक मारायला जायचं. ज्याच्याशी भांडण झालं त्यानेच जायचं. चिठ्ठी चालत नाही, निरोप चालत नाही, आगाऊ कळवणंही नाही. उंबऱ्याच्या आत पाय टाकायचा नाही, पाणी प्यायचं नाही. बाहेर उभं राहून नावाने हाक मारायची, 'बैठकीला चल' म्हणायचं आणि मागे न बघता परत यायचं. हाक एकदाच. येणं न येणं त्याच्या मर्जीवर. बैठक संपते ती जाजमाची घडी घातली की. तोवर कितीही वेळ जाऊ दे, ती चालूच.

माळरान कंपन्यांना द्यायचं ठरलं, त्या बैठकीतून तुम्ही उठून गेलात. तुम्हाला हाक मारायला जायचं होतं आबांनी. ते दर बैठकीला म्हणत आले, "पुढल्या खेपंला जातो," आणि तेवढ्या शब्दावर बैठक बसत आली. तुमची जागा रिकामी ठेवून.

आता पुढली खेप नाही, काका. म्हणून लिहिते आहे. तुम्ही २६ तारखेला यावं असं गावाला वाटतं. गावाला म्हणजे मला. फोन करता आला असता, नंबर तुमच्या पुतण्याकडून, केयूरकडून मिळाला आहे. पण तुमच्याशी फोनवर बोलायचं म्हटलं की माझी वाचा बसते, आणि लिहायला तर तुम्हीच शिकवलंत.

आबांना या पत्राचं माहीत नाही. सांगू नका म्हणजे झालं.

तुमची मागच्या रांगेतली,
सुप्रिया

२६ डिसेंबर

ती. काका,

तुमचं कार्ड पोचलं. "चि. सुप्रिया, पत्राने बोलावणं होत नाही. खंड पहिला पाहा." बास? इतक्या वर्षांनी एवढंच? नशीब, खाली दोन मार्कांचा प्रश्न विचारला नाहीत.

शिवाय पाकीट घालायचं सोडून कार्ड पाठवलंत. कार्ड म्हणजे गावाचं. पोस्टमनने वाचलं, दुकानदाराने वाचलं, आमच्या समोरच्या भागूबाईंनी शेजारच्या पोरीकडून दोनदा वाचून घेतलं आणि मग ते आमच्या ओसरीवर आलं. आबा तिथेच बसले होते.

"तू लिवलंस त्याला?"

"हो."

"मला न इचारता?"

"विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असता."

"मग? न्हाईच म्हनतोय मी."

मी म्हटलं, आबा, आता पुढली खेप नाही. ते म्हणाले, "त्यानं लिवलंय गाव संपलं म्हनून. संपल्याल्या गावातनं कोन जातं व्हय हाक मारायला?" आणि काठी घेऊन बाहेर गेले.

काका, त्या वाक्याचं आज बोलूनच टाकते. दुसऱ्या खंडात ते जसंच्या तसं आहे. 'माळरान गेलं त्या दिवशी जांभुळदरा हे गाव संपलं. उरली ती नुसती वस्ती.' तुमचं पुस्तक तेव्हा नवं आलं होतं. आबांना बारीक अक्षर लागत नाही, म्हणून मी मोठ्याने वाचून दाखवत होते. माझा अजिंक्य कडेवर होता. ते वाक्य आलं, माझ्या तोंडून बाहेर पडलं, आणि आबांनी माझ्याकडे असं बघितलं जसं काही ते मीच लिहिलं आहे. लिहायचं तुम्ही आणि ऐकवायचं मी. याचा मला तुमच्यावर राग आहे. अजून आहे. रोज दुपारी तुमची पुस्तकं उशाशी घेऊन झोपते, तरी आहे.

आबा त्या बैठकीत काय म्हणाले होते, ते तुम्ही पुस्तकात घातलं नाहीत. ते म्हणाले होते, "माळानं आजवर गुरं राखली. आता पोरं राखली तर माळ कामाला आला." गावातली पोरं तेव्हा पुण्यात हॉटेलांत कपबश्या विसळत होती. माझा नवरा रणजीत आज शिफ्ट सुटली की घरी येऊन ताटावर बसतो, तो त्या बैठकीमुळे. आणि ओढ्याच्या पाण्यात हात घालायचा मला धीर होत नाही, तोही त्या बैठकीमुळेच. तुम्हाला दुसरं आधी दिसलं, आबांना पहिलं. त्यावर भांडायला काय हरकत होती? भांडा ना. पण समोर बसून भांडा.

अजून एक सांगते, मग पत्र संपवते. दिवाळीआधीच्या बैठकीला मिनल म्हणून एक मुलगी आली होती. लातूरकडची, आमच्या वरच्या आळीत भाड्याने राहते, सुट्या भागांच्या कारखान्यात कामाला आहे. नळाचं पाणी वर चढत नाही म्हणून तक्रार घेऊन आली आणि बिचारी नेमकी तुमच्या जागेवर बसली. सगळं जाजम तिच्याकडे बघायला लागलं. आबा म्हणाले, "बाई, जरा सरकून बसा. ती जागा मानसाची हाय."

"कोण येणार आहेत का?" तिने विचारलं.

"येनार हाय. वाटंत हाय."

दर बैठकीला ते हेच म्हणतात, काका. वाटेत आहे. खंडात हे कुठेच नाही, म्हणून कळवलं.

रागावलेली,
सुप्रिया

११ जानेवारी

ती. काका,

उत्तर आलं नाही. चालेल. मी आपली लिहीत राहते, मला सवय लागली आहे.

सध्या इथे सकाळी इतकं धुकं असतं की कंपन्या दिसतच नाहीत. दिवे तेवढे दिसतात, जमिनीपासून सुटलेले. कांद्याच्या गाड्या चाकणच्या बाजाराकडे जातात त्यांचा आवाज येतो, गाड्या दिसत नाहीत. नुसता वास मागे राहतो. अशा वेळी मला कुठलं साल चालू आहे ते कळेनासं होतं. धुक्यापलीकडे माळ असेलही, कुणी सांगावं. मी गोठ्याच्या दाराशी उभी राहते आणि सूर्य वर येऊन सगळं साफ करेपर्यंत तसं समजून चालते. रणजीत म्हणतो, सरपंच बाई, चहा उतू गेला.

तुमच्या पुस्तकांनी माझ्या झोपेचं पार खोबरं केलं आहे. काल स्वप्नात मी जाजम अंथरत होते. चावडीत अंथरलं तर ते पुरेना म्हणून ओढत राहिले, आणि ते येतच राहिलं. शाळेवरून, ओढ्यावरून, कंपनीच्या भिंतीवरून, थेट हायवेपर्यंत. त्यावर माणसं येऊन बसायला लागली. युनिफॉर्मवाले, मिनलच्या खोलीतल्या मुली, ट्रकवाले, डोक्याला मफलर गुंडाळलेल्या भागूबाई. सगळ्यांना आपापली जागा माहीत होती. कुणीच काही बोलत नव्हतं, पण बैठक चालू होती. मी तुम्हाला शोधत होते. तुम्ही दूर हायवेच्या टोकाला होतात, चपला हातात घेऊन, जाजमावर पाय ठेवू का नको अशा विचारात. मी हाक मारणार तेवढ्यात आठवलं, की माझं तुमच्याशी भांडण नाही, हाक माझी नाही. आणि जाग आली.

पण खरं तर आता माझंही आहे. मागच्या पत्रात आपण भांडलोच.

आबांचं विचाराल तर बरे आहेत. रणजीतला सारखं विचारतात की रात्रपाळी सुटल्यावर माणसं सोडायला बस कुठे कुठे जाते, वाकडला थांबते का, पुनावळ्याला थांबते का, म्हातारा माणूस दिसला तर ड्रायव्हर थांबवतो का. कशाला विचारतात कोण जाणे. मी काही विचारलं नाही. धोतर धुऊन, घडी करून, गादीखाली दाबून ठेवलं आहे. लग्नसराईही नाही सध्या.

आणि एक. परवा धुक्यात मी शेण काढत होते, तेव्हा कंपनीच्या भिंतीकडून कुणाचा तरी आवाज आला. कुणीतरी कुणालातरी हाक मारत होतं. मोठ्याने, मग थांबून अजून मोठ्याने. आवाज म्हातारा होता, मधेच फाटत होता. थोड्या वेळाने आबा घरी आले, घसा खाकरत, आणि म्हणाले, "जरा आल्याचा चा टाक." कुणाला हाक मारत होते ते मी विचारलं नाही, त्यामुळे तुम्हालाही सांगू शकत नाही. हाक आगाऊ कळवली तर तिचं नुसतं वेळापत्रक होतं, असं खंड पहिल्यात कुणीतरी लिहून ठेवलं आहे.

तिसरा खंड वाचायला घेतला आहे. त्यात तुम्ही म्हणता, शांतता म्हणजे भांडण नसणं नव्हे, भांडलेल्यांपैकी कुणीतरी घरातून निघणं. फार छान आहे. तुम्ही ते पुनावळ्यात चौदाव्या मजल्यावर बसून लिहिलंत का, एवढंच विचारायचं होतं.

स्वप्नाळू आणि आगाऊ,
सुप्रिया

१९ जानेवारी

काका,

आज दुपारी तुम्ही आमच्या दारात होतात.

मी ओसरीवर होते. मेथी निवडता निवडता डुलकी लागली होती, तिसरा खंड पोटावर. "कोंडीराऽऽम!" अशी हाक ऐकू आली. मला वाटलं झोपेतच ऐकते आहे, कारण ती हाक मी कितीदा झोपेत ऐकली आहे. डोळे उघडले तर उंबऱ्याबाहेर तुम्ही. पांढरा सदरा, त्यावर तपकिरी स्वेटर, खांद्याला तीच शबनम पिशवी. "बैठकीला चल," म्हणालात आणि वळलात. मी दोन हात अंतरावर होते. तुम्हाला दिसले का नाही मला माहीत नाही, तुमचे डोळे पाण्याने भरले होते.

हाक मारणाऱ्याला थांबवायचं नसतं. मी मेथीची जुडी हातात धरून तशीच उभी राहिले. पाठीला बाक आलाय तुमच्या. चपलेतून अंगठा बाहेर काढून चालायची खोड मात्र तशीच. देवळापाशी रिक्षा उभी होती, तिच्यात बसलात आणि गेलात. मागे बघितलं नाहीत. मग मला रडू फुटलं. रुसून गेलेल्यानेच हाक मारायला यावं, अशी रीत तुमच्या तिन्ही खंडांत नाही, आमच्या गावातही नाही. ती आज तुम्ही पाडलीत.

पण आबा घरी नव्हते. ते कुठे होते, ते आता ऐका.

ते तुमच्या दारात होते. सकाळी रात्रपाळीच्या बसमध्ये बसून, गादीखालचं धोतर नेसून, ते पुनावळ्याला गेले होते. तुमच्या सोसायटीच्या फाटकावर वॉचमनने अडवलं. "बाबा, किसके यहाँ जाना है? फ्लॅट नंबर?"

"आत न्हाई जायाचं. हितनंच हाक मारायची."

तो चांगला होता म्हणतात. तुमचं नाव विचारून घेऊन त्याने मोबाइलवरून तुमच्या सूनबाईंना, केयूरच्या अनुयाला विचारलं. ती ऑफिसात होती. म्हणाली, काका सकाळीच काही न सांगता बाहेर पडलेत. आबांना कळलं की घरी कुणी नाही. पण इतक्या लांब येऊन हाक गिळायची कशी? ते रस्त्यावर आले, मान वर करून तुमचा मजला शोधला, तो काही सापडला नाही, आणि मग सगळ्याच इमारतीकडे तोंड करून ओरडले. "मुकुंदाऽऽ! बैठकीला चल!"

वॉचमन धावत आला. गॅलऱ्यांमधून माणसं डोकावली. आबा सांगत होते, "एवढ्या उंचाव मानसं, वरपातूर. मला वाटलं कुनी ऱ्हातच न्हाई तिथं." चौथ्या मजल्यावर एक बाई कपडे वाळत घालत होत्या. त्यांनी वरून "ओऽ" दिली. विचारलं, "कोण मुकुंद?"

"तुमच्यातच ऱ्हातो," आबा म्हणाले, आणि मागे न बघता निघाले.

संध्याकाळी ते घरी आले तेव्हा मी तुमचं सांगितलं. ते पायरीवरच बसले. मला वाटलं आता खूश होतील. तर म्हणाले, "मी घरी नव्हतो. म्हंजे त्याची हाक पोचली न्हाई. त्यो बी घरी नव्हता. म्हंजे माजी बी पोचली न्हाई. हाक एकदाच असती. मिटलं." जेवायलाही उठले नाहीत. तुम्हीही तिकडे पुस्तक उघडून हेच म्हणत बसला असाल, याची मला खात्री आहे. दोन अडेल म्हातारे आणि एक नियम. मी ओरडले त्यांच्यावर. म्हटलं, नियम तुमच्यासाठी का तुम्ही नियमासाठी?

माझा आवाज ऐकून समोरून भागूबाई आल्या. सगळं ऐकून घेतलं आणि आबांनाच विचारलं, "आरं कोंडीराम, हाक मारायला मानूस यायचा तवा बापय घरी असायचं व्हय? समदं रानात. दारात आमी बाया. किती जनांच्या हाका घेतल्या मी. सांजच्याला भाकरी वाढताना सांगायची, अमका येऊन गेला, बैठकीला चल म्हनला. तुज्या आयनं बी घेतल्यात. घरातल्या कुनी ऐकली की घरानं ऐकली."

"मुकुंदानं तसं लिवलं न्हाई," आबा म्हणाले.

"त्यो बसायचा जाजमाव. आमी दारात. त्याला कसं दिसावं?"

मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "ऐकलीस ना तू?"

ऐकली, म्हटलं.

"मंग सांग बापाला."

मी आबांच्या समोर बसले आणि सांगितलं. आबा, मुकुंदकाका येऊन गेले. बैठकीला चल म्हणाले. आबांनी टोपी काढली, परत घातली, आणि म्हणाले, "वाढ मला."

म्हणजे तुमची हाक पोचली, काका. आता आबांची राहिली. तीही पोचली आहे, पण चौथ्या मजल्यापर्यंत. हे पत्र बोलावणं नाही, पत्राने ते होत नाही हे मला आता पाठ झालं आहे. मी फक्त पत्ता कळवते आहे. चौथा मजला, कपडे वाळत घालणाऱ्या बाई. त्यांचं नाव मला माहीत नाही, आणि तुम्हालाही नसणार. खाली उतरा, दार वाजवा आणि त्या दिवशी त्यांनी काय ऐकलं ते विचारा. त्यांच्या तोंडून ऐकलंत तरच ते खरं. उद्याच स्पीडपोस्टाने टाकते.

दारात उभी असलेली,
सुप्रिया

२६ जानेवारी, दुपार

काका,

हे पत्र पोस्टाने जाणार नाही. विषयपत्रिकेच्या पाठीमागे लिहिते आहे आणि तुमच्या शबनममध्ये सरकवणार आहे. उठलात की सापडेल.

तुम्ही आलात तेव्हा मी अध्यक्षाच्या जागी बसले होते, त्यामुळे उठून पळत येता आलं नाही. नाहीतर आले असते. झेंडावंदन झालं होतं, शाळेच्या पटांगणात जाजम अंथरलं होतं, आणि केयूरच्या गाडीतून आधी उतरल्या त्या इंदुताई. चौथ्या मजल्यावरच्या. काय बाई आहेत! जाजमाच्या कडेला उभं राहून सगळ्या गावासमोर म्हणाल्या, "हाक मी घेतली होती. हे विचारायला आले, तेव्हा जशी ऐकली तशी यांना सांगितली." आणि मग तुमची फजितीही सांगून टाकली. चौथ्या मजल्यावर सगळ्यांच्याच गॅलरीत कपडे वाळत असतात, म्हणून तुम्ही सगळी दारं वाजवलीत आणि इंदुताईंचं दार येईपर्यंत दोन घरचा चहा प्यावा लागला. तुम्ही मान खाली घालून चपला काढत होतात. भागूबाईंनी इंदुताईंचा हात धरून त्यांना आपल्याजवळ बसवलं ते जेवणापर्यंत सोडलं नाही.

आबा तुमच्या जागेकडे बघत नव्हते. तुम्ही येऊन बसलात तरी समोरच बघत राहिले.

"लय उशीर केलास, मुकुंदा."

"तू हाक मारायला कधी आलास? मागच्या सोमवारी."

"वाट चुकलो हुतो."

"इतकी वर्षं?"

"लांबची वाट हाय."

मी विषयपत्रिकेत डोकं घातलं, कारण सरपंचाने रडलेलं बरं दिसत नाही. पहिला विषय मिनलच्या नळाचा होता. तो झाला. मग गाव शहरात जाण्याचा आदेश वाचून दाखवला. तो वाचून होतो न होतो तोच आबांनी तुम्हाला विचारलं, हळू, पण सगळ्यांना ऐकू गेलं.

"गाव संपलं लिवलंयस, ते खोडनार का?"

तुम्ही म्हणालात, "नाही. तेव्हा मला तसंच दिसलं होतं, कोंडीराम."

मला वाटलं, झालं, आता कुणीतरी एक उठून जाणार. पण आबा म्हणाले, "नगं खोडू. त्याच्या म्होरं लिव काय तरी." तुम्ही त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवलात. काका, त्या वाक्याचा माझा राग तिथे गेला. कुठे गेला, कळलंच नाही.

पंक्ती उठल्या तरी तुम्ही दोघं जाजमावरच होतात. माळरानाचं भांडण परत पहिल्यापासून काढलंत. ओढा, कंपनी, पोरं, गवत, सगळं. हातवारे चालू होते. मी भांडी मोजून घेत होते, लांबून मला नुसते हात दिसत होते. मी जागीच आहे ना, म्हणून स्वतःला चिमटा काढून बघितला.

मग हात दिसेनासे झाले. बघायला आले तर दोघं झोपलेले. तुमचा चष्मा नाकावर तसाच, आबांची टोपी तोंडावर, आणि आबांचे पाय तुमच्या शबनमवर. ऊन तुमच्या बाजूला सरकायला लागलं म्हणून मिनल आणि तिच्या मैत्रिणींनी ओढण्या जोडून दोरीवर सावली केली आहे. इंदुताई घरी फोन करून सांगत आहेत की उशीर होईल. केयूर गाडीत पाय बाहेर काढून पेंगतो आहे, तो आमच्या मागच्या रांगेत शोभेल.

ग्रामसेवक मगाशी दोनदा येऊन गेला. "मॅडम, इतिवृत्तात सभा संपल्याची वेळ लिहायची राहिलीये. रजिस्टर आजच जमा करायचंय. जाजम उचलायला सांगू का?"

भागूबाई म्हणाल्या, "हात तर लावून बघ."

तो माझ्याकडे बघत उभा राहिला. आदेश, तालुका, शहर, सगळं बिचाऱ्याच्या तोंडावर दिसत होतं. मी जाजमाची कड थोडी सारखी केली, तुमच्या पायाखाली दुमडली होती ती. आणि त्याला म्हटलं, वेळेची जागा मोकळी ठेव. लिही, सभा चालू आहे.

सुप्रिया